पेडर रोडची कांचनजंगा: पडवी २८ मजले वर चढली तेव्हा

गच्चीवरून (धागाकर्ता)

मागच्या आठवड्यात गुहागरला मावशीकडे होतो. धो धो पाऊस. तिच्या घराला पुढे-मागे पडवी आहे आणि पश्चिमेच्या अंगाला पावसाळ्यापुरती झापं (झावळ्यांचे विणलेले पडदे) बांधतात. झड येते ती आधी झापांवर आपटते, उरलेली पडवीत सांडते, आणि माजघराच्या उंबऱ्यापर्यंत येईतो तिचा नुसता गारवा शिल्लक राहतो. दार सताड उघडं टाकून आम्ही आत जेवत होतो. मुंबईत असतो तर खिडक्या गच्च लावून, फटींत फडकी कोंबून, पंखा पाचवर ठेवून बसलो असतो.

तिथे भात कालवता कालवता मला मुंबईतली पेडर रोडची कांचनजंगा ही उंच इमारत आठवली. मी आर्किटेक्ट नाही, हौशी आहे. चुकलो तर जाणकारांनी कान धरावा.

ज्यांनी पाहिली नसेल त्यांच्यासाठी: आर्किटेक्ट चार्ल्स कोरियांनी १९७० च्या सुमारास आराखडा केला, इमारत उभी राहून पूर्ण व्हायला १९८३ उजाडलं. आर्किटेक्ट प्रवीणा मेहता या कामात त्यांच्याबरोबर होत्या. स्ट्रक्चरचं काम इंजिनिअर शिरीष पटेलांचं. पाया चौरस, २१ मीटर बाय २१ मीटर, उंची ८४ मीटर, म्हणजे बरोबर एकास चार. लांबून पाहिलं तर पांढरा, सपाट, जवळपास मुका ठोकळा. फक्त कोपऱ्यांत मोठमोठे चौकोन कोरून काढलेले, दोन-दोन मजले उंच, आत काळीभोर सावली. त्या सावल्या म्हणजे घरांच्या बागगच्च्या.

माझा सगळा धागा त्या सावल्यांबद्दल आहे.

मुंबईत घर बांधणाऱ्याची गोची अशी की हवं ते आणि नको ते एकाच दिशेने येतं. पश्चिमेला समुद्र, तिकडूनच वारा. पण दुपारनंतरचं आडवं ऊनही तिकडूनच आणि पावसाची झडही तिकडूनच. पूर्वेला बंदर दिसतं, तर सकाळचं ऊन डोळ्यांत. घर पूर्व-पश्चिम उघडावं तर भिजा आणि भाजा, बंद करावं तर घुसमटा. जुन्या बंगल्यांनी यावर तोडगा काढला होता: घराभोवती व्हरांडा गुंडाळायचा. पहिला मार व्हरांडा खातो, खोल्या त्याच्या आड बसतात. कोरियांनी हे आधी नेपियन सी रोडच्या सोनमर्ग या इमारतीत (१९६१ ते ६६) करून पाहिलं. तिथे व्हरांडे, न्हाणीघरं, अभ्यासाच्या खोल्या बाहेरच्या अंगाला लावल्या आणि मुख्य खोल्या आत घेतल्या. कांचनजंगात त्याच बाहेरच्या थराची बाग झाली. प्रत्येक घर पूर्वेपासून पश्चिमेपर्यंत आरपार जातं, त्यामुळे एकीकडून शिरलेला वारा दुसरीकडून निघून जातो. आणि गच्ची दोन मजले उंच असल्यामुळे छत डोक्यावर बसत नाही. उजेड येतो, झाडाला वाढायला जागा मिळते.

मावशीची पडवी आणि ही गच्ची, काम एकच.

आता प्रश्न. ही इमारत पूर्ण होऊन चाळीस वर्षं उलटली. तेव्हापासून मुंबईत शेकडो टॉवर उठले. त्यात दुसरी कांचनजंगा का नाही?

काडेपेटी

छान लिहिलंय. पण ३२ मजली ना ती? धाग्याच्या नावात २८ का?

गच्चीवरून

मजले २८, घरं ३२. पुष्कळ ठिकाणी दोन्हीची खिचडी झालेली दिसते.

काडेपेटी

एवढ्या मोठ्या इमारतीत फक्त ३२ घरं? बरं. मग पुढचं कळलं. :)

सळई

निवृत्त साइट इंजिनिअर. कांचनजंगाच्या साइटवर नव्हतो, पण आमच्या पिढीला तिचं अप्रूप होतं, ते वेगळ्याच कारणासाठी. आर्किटेक्ट लोक गच्च्या बघतात, आम्ही मधला गाभा बघायचो.

कोपरे पोकळ करायचे म्हणजे नेहमी जिथे कॉलम उभा करतात तीच जागा गेली. चौरंगाचे पाय काढून घेतल्यासारखं. मग वारा आणि भूकंपाचा आडवा धक्का घेणार कोण? तर मधोमध लिफ्टचा जो काँक्रीटचा गाभा आहे तो. तो इमारतीचा कणा. आणि उघड्या गच्च्या ६.३ मीटर बाहेर काढलेल्या आहेत, म्हणजे वीस फुटांहून जास्त कॅन्टिलिव्हर, खाली खांबच नाही. बाल्कनी साधारण चार-पाच फुटांची असते, त्यावरून अंदाज करा. वर माती, झाडं, पावसाचं पाणी, सगळ्याचं वजन.

तो गाभा त्यांनी बाकीच्या इमारतीच्या आधी, स्लिपफॉर्मने चढवला. नेहमीच्या शटरिंगमध्ये आपण मजला भरतो, थांबतो, साचा खोलतो, वर बांधतो, पुन्हा भरतो. स्लिपफॉर्ममध्ये साधारण कमरेएवढ्या उंचीचा साचा जॅकवर बसवलेला असतो आणि तो हळूहळू वर सरकत राहतो. वरून काँक्रीट ओतायचं, खालून घट्ट होत आलेली भिंत बाहेर पडते. थांबायचं नाही. रात्रपाळी, दिवसपाळी, पाऊस आला तर ताडपत्री. सळ्या बांधणारे आणि काँक्रीट ओतणारे यांच्यात दहा मिनिटांचं अंतर पडलं तरी मुकादम बोंबा मारतो. साचा फार लवकर सरकला तर ओली भिंत ढासळते, उशिरा सरकला तर चिकटून फाटते. मिस्त्री लोक नुकत्याच उघड्या पडलेल्या भिंतीवर अंगठा दाबून बघायचे. ठसा किती खोल उमटतो त्यावर वेग ठरायचा. हे मी स्वतः एका सायलोच्या कामावर पाहिलंय. धान्याच्या कोठ्या, धुराडी याच पद्धतीने बांधतात. बहुमजली इमारतीला ही पद्धत देशात पहिल्यांदा इथेच वापरली असं मानतात.

आणि एक गंमत. पेडर रोडला जाताना केम्प्स कॉर्नरचा उड्डाणपूल लागतो ना, १९६५ चा, देशातला पहिला म्हणतात तो? तोही शिरीष पटेलांचाच. एकाच माणसाचं काम चाकाखालीही आणि डोक्यावरही.

अनुस्वार

सळई काका, अंगठ्याचा ठसा! अशा प्रतिसादांसाठी तर इथे येते.

खोडरबर

मी आर्किटेक्चरच्या चौथ्या वर्षाला आहे. आमच्याकडे दुसऱ्या वर्षी कांचनजंगाची केस स्टडी प्रत्येकाच्या मानगुटीवर बसते. माझ्या वाट्याला मॉडेल आलं. माउंटबोर्ड, कटर, फेव्हिकॉल आणि तीन रात्री.

सांगायचं हे की ही इमारत प्लॅनवरून समजत नाही. मी पहिले दोन मजले कापले, एकावर एक ठेवले, बसेचनात. कारण दुमजली गच्ची ठेवायची म्हणजे वरच्या मजल्याने त्या कोपऱ्यातून माघार घ्यायची. वरच्याची ती गेलेली जागा मग दुसरीकडे भरून द्यावी लागते, आणि तिथे खालच्याला दबावं लागतं. घरंही एकसारखी नाहीत, तीन बेडरूमपासून सहा बेडरूमपर्यंत चार प्रकार आहेत. आणि घराच्या आतही जमीन एका पातळीत नाही. बसायची जागा आणि गच्ची यांच्यात पायऱ्यांचा फरक आहे, त्यामुळे भिंत न घालताही बाहेर कुठे संपतं आणि आत कुठे सुरू होतं ते पायाला कळतं. (मावशींच्या उंबऱ्याचंच काम, नाही का?)

शेवटी मी मजले करणं सोडलं आणि एकेक अख्खं घर वेगळ्या रंगाच्या बोर्डाचं केलं. मग ती घरं एकमेकांत खटकन बसली, लाकडी कोड्याच्या तुकड्यांसारखी. सर म्हणाले, आता बाहेरचे पांढरे पृष्ठभाग लाव. ते लावल्यावर आतली सगळी भानगड गायब. फक्त कोपऱ्यांतून डोकावत राहिली. मला वाटतं खरी हुशारी तीच आहे. इतकं गुंतागुंतीचं पोट, पण चेहऱ्यावर काही दाखवायचं नाही.

घरं अशी एकमेकांत अडकवायची कल्पना नवी नव्हती. ल कॉर्ब्युझिए या आर्किटेक्टच्या फ्रान्समधल्या मार्सेयच्या इमारतीत (१९५२) घरं दुमजली, आरपार आणि एकमेकांत घातलेली आहेत. कोरियांनीही १९५८ मध्ये कॉस्मोपोलिस नावाच्या योजनेत ती वापरली होती, पण ती बांधली गेली नाही. लोक माँट्रियालच्या हॅबिटॅट ६७ या वसाहतीशीही तुलना करतात. ते मला पटत नाही. तिथे खोकी एकमेकांवर रचून गच्च्या मिळवल्यात, इथे एकाच खोक्यातून कोरून.

दादरकर

धागा उत्तम, माहिती उत्तम. पण मंडळी, जरा जमिनीवर या.

पेडर रोडच्या कंबाला हिलवर ३२ श्रीमंतांची घरं. मजल्यामागे दीड घरसुद्धा पडत नाही. त्या गच्चीला 'पडवी' म्हणून आपण तिला आपल्यात ओढतोय. ज्यांच्याकडे जागा आणि पैसा आहे त्यांना वारा मिळाला, यात शोध तो काय? आमच्या चाळीला प्रत्येक मजल्यावर लांबलचक गॅलरी होती. तीही खोलीला ऊन-पावसापासून वाचवायची. शिवाय त्याच गॅलरीत लोणच्याच्या बरण्या, झोपलेले आजोबा, अभ्यास करणारी पोरं आणि भांडणं, सगळं व्हायचं. तिचा आर्किटेक्ट कोण? कुणाला ठाऊक नाही. केस स्टडी होते कांचनजंगाची.

गच्चीवरून

दादरकर, अर्धं मान्य. चाळीची गॅलरी हे याच कुळातलं घराणं, आणि मी ते लिहायला हवं होतं. पण एक फरक: गॅलरी एकाच बाजूला असते आणि तो रस्ताही असतो. दार उघडं ठेवलं तर येणारा-जाणारा आत बघतो, म्हणून पडदा लागतो, आणि पडदा लागला की वारा गेला. मागच्या बाजूला मोरीची एवढीशी खिडकी. आरपार वारा चाळीत किती जणांना मिळाला?

दादरकर

आमची मोरीची खिडकी मोठी होती. :) बाकी मुद्दा ठीक. पण माझा दुसरा अर्धा अजून उभा आहे.

किल्ले_गावठाण

तो अर्धा मी उचलतो. मी नवी मुंबईतल्या सीबीडी बेलापूरचा. आमच्याकडे सेक्टर ८ मध्ये कोरियांची आर्टिस्ट्स व्हिलेज ही वसाहत आहे, १९८३ ते ८६ ची. म्हणजे इकडे कांचनजंगा हातावेगळी झाली आणि तिकडे हे सुरू झालं.

तिथलं गणित पूर्ण उलटं. लिफ्ट नाही, टॉवर नाही. सात घरांच्या मध्ये साधारण ८ बाय ८ मीटरचं एक अंगण. असे तीन गट, म्हणजे २१ घरं, एका मोठ्या चौकाभोवती. पुढे असंच वाढत ओढ्याकाठच्या मोकळ्या जागेपर्यंत. प्लॉट ४५ चौरस मीटरपासून. आणि कोणत्याही दोन घरांत सामाईक भिंत नाही. का, तर ज्याला जेव्हा जमेल तेव्हा त्याने आपलं घर वाढवावं, शेजाऱ्याची परवानगी मागत बसू नये.

लोकांनी ते इतकं मनावर घेतलं की मूळ उतरत्या छपरांची घरं आता शोधावी लागतात. माझ्या काकांनीही मूळ घर पाडून स्लॅबचं तीन मजली केलं. काकू म्हणते, कौलं दर वर्षी चाळायला माणूस कुठून आणू? पण अंगणाला कुणी हात लावला नाही हो. तुळस, सायकली, गणपतीचा मांडव, सगळं अजून तिथेच.

आणि दादरकर, तुम्हाला आवडेल असं एक त्रांगडं. कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल. याच तिघांनी १९६५ मध्ये 'मार्ग' या नियतकालिकात मांडलं होतं की मुंबई बेटावरच चढत राहू नका, खाडीपलीकडे नवं शहर वसवा. त्यातून नवी मुंबई आली, १९७० मध्ये ती वसवायला सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली, कोरिया तिथे सुरुवातीची वर्षं मुख्य आर्किटेक्ट होते. आणि त्याच १९७० मध्ये तेच तिघं पेडर रोडला टॉवर काढत होते!

दादरकर

हे त्रांगडं माझ्या वहीत गेलं. दुसरा अर्धा बसतो खाली. त्याच शहरात १९९६ मध्ये गिरण्यांच्या जमिनींसाठी कोरियांची समिती नेमली होती. जमिनीचे वाटे शहराला, परवडणाऱ्या घरांना आणि मालकांना पडावेत असा मेळ घालायचा होता. २००१ मध्ये नियमाची भाषा अशी बदलली की वाटणी पूर्ण जमिनीऐवजी फक्त मोकळ्या जमिनीची उरली. त्या जागी आज जे टॉवर आहेत त्यांना पडवी आहे का, ते धागाकर्त्यांनीच सांगावं.

अनुस्वार

गोव्यावरून लिहितेय. कोरियांचं कुटुंब मूळचं गोव्याचं, म्हणून आम्ही त्यांच्यावर हक्क सांगतो. पणजीची कला अकादमी (१९७३ ते ८३) त्यांचीच, आणि ती कांचनजंगाच्याच वर्षांत झाली. मांडवीच्या काठी बसकी, पसरलेली इमारत, वर पेर्गोला (उघड्या तुळयांचं छप्पर), खाली सावली, नदीकडे जाताना मध्ये दार लागतच नाही.

मला गच्च्या बघून आमचं बाल्कांव आठवतं. घराच्या पुढ्यातली बाकांची जागा, ना धड घर ना धड रस्ता.

गच्चीवरून

ताई, बाल्कांवात बसतात ते जाणाऱ्या-येणाऱ्याशी बोलायला. पंचविसाव्या मजल्यावर बोलायला घारच येणार! ते नातं बंगल्याच्या व्हरांड्याशीच जास्त आहे. कला अकादमीबद्दल मात्र वेगळा धागा काढाच.

फ्लॉवरबेडग्रस्त

मूळ प्रश्नाचं उत्तर कुणी दिलंच नाही. दुसरी कांचनजंगा का नाही? कारण मोकळा कोपरा विकता येत नाही. किंवा विकता येतो, पण खोली म्हणून.

माझीच कथा. २००९ मध्ये उपनगरात फ्लॅट घेतला. ब्रोशरमध्ये प्रत्येक खोलीच्या खिडकीबाहेर हिरव्या रंगात 'फ्लॉवरबेड'. सॅम्पल फ्लॅट बघायला गेलो तर फ्लॉवरबेड कुठेच नाही, खोल्या मात्र ऐसपैस. विचारलं तर सेल्सवाला डोळा मारून म्हणाला, "सर, पझेशननंतर सगळेच आत घेतात." तेव्हा फ्लॉवरबेड, निश (कोनाडा), ड्राय बाल्कनी (धुणं-भांड्यांची) हे एफएसआयमध्ये, म्हणजे प्लॉटवर किती बांधता येईल त्या मर्यादेत, मोजत नसत. म्हणून बिल्डर कागदावर बाग काढायचे, महापालिका बाग म्हणून सोडायची आणि आम्ही त्या बागेत पलंग टाकायचो. पैसे अर्थात पूर्ण जागेचे. बाल्कनीचंही तेच: ठराविक प्रमाणात एफएसआयबाहेर आणि शुल्क भरून बंद करायची मुभा. जानेवारी २०१२ मध्ये नियम बदलले. हे सगळं एफएसआयमध्ये मोजायला लागले आणि त्या बदल्यात प्रीमियम भरून घरांना ३५ टक्के फंजिबल (हवा तसा वापरता येणारा जादा) एफएसआय दिला. मग बिल्डरने बाल्कनी कशाला द्यावी? तेवढ्याच चौरस फुटांत बेडरूम वाढवली तर दर जास्त.

आता कांचनजंगाचा कोपरा आठवा. तो दोन मजले उंच आहे. म्हणजे वरच्या मजल्यावर जमीनच नाही, नुसती हवा. ती हवा आज कोण सोडेल?

ता. क. आमच्या त्या फ्लॉवरबेडमधून दर जूनमध्ये पाणी गळतं. पलंग भिंतीपासून सहा इंच लांब ठेवतो.

सळई

गळणारच. फ्लॉवरबेडची स्लॅब बाहेरच्या पातळीला ओतलेली असते, उताराचा विचार पावसाच्या पाण्याचा, पलंगाचा नव्हे. वर नुसती फरशी मारली असेल तर सांध्यातून पाणी मुरणारच. फरशी उचला, ब्रिकबॅट कोबा (विटांच्या तुकड्यांचा पाणी अडवणारा थर) करून घ्या, उतार बाहेर काढा, भिंतीवर फूटभर वाटा (सांध्यावरचा गोलसर लेप) ओढा. आणि हे काम मे महिन्याच्या आधी. जूनमध्ये येतो म्हणणारा कंत्राटदार नको.

तुमच्या उत्तरात एक भर. नियम आणि पैसा झाला, पण एसी विसरलात. पूर्वी वारा घरात आणणं ही गरज होती. आता बिल्डर काचेची भिंत लावतो, ऊन आत घेतो आणि ते बाहेर काढायला यंत्र देतो. यंत्राचं बिल बिल्डर भरत नाही.

काडेपेटी

शेवटची ओळ +१००

खोडरबर

एक शंका. आजचे टॉवर 'डबल हाइट डेक' म्हणून जाहिरात करतात. ते कांचनजंगासारखंच नाही का?

गच्चीवरून

चित्रात सारखं दिसतं. मी अशा एका डेकवर उभा राहिलो आहे, मित्राकडे. पश्चिमेकडे तोंड, खोली जेमतेम सहा फूट, आणि घर आरपार नाही. मागे लॉबी आणि लिफ्ट. वारा येतो आणि परत फिरतो, जाणार कुठे? पाऊस आला की पाच मिनिटांत सोफ्यापर्यंत पाणी. मित्राने त्याला आता काच लावलीय. कांचनजंगात गच्चीची खोली, तिची उंची आणि घराचं आरपार असणं या तिन्ही गोष्टी एकमेकींच्या आधाराने उभ्या आहेत. एक काढली की उरलेल्या दोन फुकट.

किल्ले_गावठाण

बाहेरून नीट बघायची कधी?

गच्चीवरून

पावसाळ्यानंतर, संध्याकाळी साडेचार-पाचला. पश्चिमेचं ऊन आडवं आलं की पांढरी भिंत तापून पिवळी दिसते आणि गच्च्यांत ऊन किती आत शिरतं ते रस्त्यावरून मोजता येतं. आणि फोटो काढताना घरांच्या आत लेन्स रोखू नका, लोक राहतात तिथे.

बाय द वे, आत्ताच मावशीचा फोन आला. दर वर्षी झापं विणायला माणूस मिळत नाही म्हणून पडवीला अॅल्युमिनियमचं स्लायडिंग लावायचं म्हणतेय. चिपळूणचा माणूस येऊन माप घेऊन गेलाय. काय सांगू तिला?

दादरकर

आधी हे सांगा, चौरस फुटाला काय भाव लावलाय?